सूची माझ्याकडे राहिली

पप्पा,

सातिवलीचा तुमचा बाइंडिंगचा गाळा विकला. कागदपत्रांवर आईने आणि मी सह्या केल्या. बाटल्यांची झाकणं बनवणारा जो भाडेकरू तुमच्यानंतर तिथे आला होता, त्यानेच तो घेतला, त्यामुळे फार काही हलवावं लागलं नाही. कटिंग मशीन तर तुम्ही गेल्यावर वर्षभरातच गेलं होतं. उरला होता फक्त पोटमाळा. भाडेकरू म्हणाला, "मॅडम, वर तुमच्या फादरचं सामान आहे, आम्ही कधी हात नाही लावला." मी शिडी लावून वर गेले. खळीचा वास अजून येत होता, किंवा तो यायला हवा म्हणून मला आला. या दोन्हींत फरक कसा करायचा हे मला माहीत नाही. तुम्ही असतात तर यावर एक अख्खा शुक्रवार घालवला असतात.

वर डायऱ्यांची जुनी कव्हरं होती, दोऱ्याची रिळं होती, आणि एका खोक्यात सुतळीने बांधलेलं पुस्तक होतं. पुस्तक म्हणजे पुस्तकाचे ढीग. तीन ढीग, प्रत्येक ब्राउन पेपरच्या वेगळ्या घडीत, आणि सगळ्यांना मिळून चढवलेलं मरून रंगाच्या रेक्झिनचं तयार कव्हर. ते उचललं तर आतले ढीग घसरले. कव्हर सैल होतं. तुमच्या हातचं कव्हर सैल असू शकत नाही. कण्याची जाडी मापल्याशिवाय तुम्ही पुठ्ठ्याला पाते लावत नव्हतात. शिडीवरच उभी राहून मी थोडा वेळ त्याच्याकडे पाहत होते. मग लक्षात आलं, कव्हर बरोबर आहे. आत एक ढीग कमी आहे. तो माझ्याकडे आहे. घरी आणून मी तो शेवटी उरलेल्या मोकळ्या जागेत ठेवून पाहिला. बरोबर बसला. म्हणजे तुम्ही माझा भाग धरूनच माप घेतलं होतंत, आणि कव्हर करून ठेवून दिलं होतंत.

हे सगळं तुमच्या हर्नियाच्या ऑपरेशनपासून सुरू झालं, असं तुम्हीच सांगायचात. मी तेव्हा शाळेत होते. भुलीतून बाहेर येताना तुम्ही ऑपरेशन थिएटरमधल्या नर्सला पहिला प्रश्न विचारलात, "मी कुठे होतो?" त्या पाचूबंदरच्या, कोळीवाड्यातल्या ख्रिस्ती घरातल्या. पुढे आपल्या घरात त्यांना सगळे सिस्टरच म्हणायला लागले. त्या म्हणाल्या, "हितंच होता, टेबलावर." तुम्ही म्हणालात, "ते माझं अंग झालं. मी कुठे होतो?" त्यावर त्यांनी तुमची सलाईन नीट करत उत्तर दिलं, "ते मना काय माहीत? आमी फक्त परत आनतो. कुठून आनतो ते डॉक्टरला पन ठाऊक नाय." हे उत्तर तुम्हाला इतकं आवडलं की टाके काढायला गेलात तेव्हा त्यांना गाळ्यावर चहाला बोलावून आलात. आई म्हणाली, "लोक दवाखान्यातून टाके काढून येतात, हे माणसं जोडून आले."

मग पुस्तकं सुरू झाली. फोर्टच्या फुटपाथवरून आणलेली, जुनी, इंग्रजी, जाड. मेंदूला मार लागलेल्या माणसांच्या हकिकती, जनावरांना मन असतं का यावरची, झोपेवरची, आणि माणसाला आपण आहोत हे केव्हापासून आणि कसं कळायला लागलं याच्या इतिहासाची. तुमचं इंग्रजी बारावीचं. दिवसभर पतपेढ्यांच्या डायऱ्या आणि शाळांच्या वह्या बांधायच्या आणि जेवताना डिक्शनरी उघडी ठेवून 'जाणीव' म्हणजे काय ते शोधायचं. एकदा तुम्ही डबा विसरून गाळ्यावर निघून गेलात तेव्हा आई दारात डबा धरून म्हणाली, "स्वतःची शुद्ध नाही, आणि शुद्धीवरची पुस्तकं वाचतायत." मला ते वाक्य तेव्हा फार बरोबर वाटलं होतं.

आपल्या पट्ट्यात शुक्रवारी कारखान्यांची वीज बंद. म्हणून शुक्रवार सुट्टीचा. शटर पूर्ण वर, उजेड येईल तिथे कटिंगचं टेबल ओढलेलं, आणि त्याच्याभोवती चार जण: तुम्ही, सिस्टर, माझ्याच शाळेतून निवृत्त झालेले इतिहासाचे सर, आणि कॉलेजातून परस्पर आलेली मी. पुस्तक एक आणि वाचणारे चार, यावर बाइंडर माणसाला जे सुचेल तेच तुम्हाला सुचलं. तुम्ही पुस्तक उलटं धरता, कव्हर सोडवता, कण्यावरची जुनी खळ ओल्या फडक्याने भिजवता, आणि शिलाईचा दोरा एकेका फर्म्यावरून, म्हणजे एकत्र घडी घातलेल्या पानांच्या जुडीवरून, कापत जाता. सरांना ते बघवत नाही. ते खुर्ची मागे घेतात.

"हे पुस्तकाचं पोस्टमॉर्टेम चाललंय," सर म्हणतात.

"सर, पोस्टमॉर्टेम मेलेल्याचं करतात. हे मी परत शिवणार, परत चालतं करणार. ऑपरेशन म्हणा."

"ऑपरेशन म्हनलं तर भूल कोन देनार?" सिस्टर विचारतात.

"सर आहेत ना. सरांनी बोलायला सुरुवात केली की आपोआप."

सर सगळ्यात जास्त हसतात. मग तुम्ही फर्म्यांचे चार ढीग करता. ज्याचा ढीग त्याने घरी न्यायचा, वाचायचा, आणि आपल्या शुक्रवारी बाकीच्यांना मराठीत सांगायचा. दुसऱ्याचा ढीग वाचायचा नाही. सांगून झालेला ढीग टेबलावर परत. चारही सांगून झाले की शिलाई आणि नवं कव्हर, तेही उरलेल्या डायऱ्यांचं. मेंदूवरच्या एका पुस्तकाच्या पाठीवर अजून सोनेरी अक्षरात 'रोजनिशी' आहे. बांधणारा सगळ्यात शेवटी सांगणार. आणि एक पुस्तक बांधून झाल्याशिवाय दुसरं कापायचं नाही. सरांनी एकदा विचारलं होतं की बाबा रे, एकमेकांचा भाग वाचला तर बिघडतं काय? तुम्ही म्हणालात, "सगळं मीच वाचलं तर मला तुमच्या तोंडाकडे बघायची गरज काय?"

मला हे आवडायचं. मी ते कधी दाखवलं नाही, पण आवडायचं. पहिल्या वेळी माझ्या वाट्याला कावळ्यांवरचा भाग आला होता आणि मी तो फळकुटावर खडूने आकृत्या काढून सांगितला. सर म्हणाले, "ही मुलगी माझ्या तासाला अशी का बसत नव्हती?"  चहा आला तेव्हा तुम्ही पहिला कप माझ्यापुढे सरकवलात. एरवी तो सरांचा असायचा.

मग ते जाड पुस्तक आलं. माणसाच्या जाणिवेचा इतिहास, गुहेतल्या हाताच्या ठशांपासून मेंदूच्या यंत्रांपर्यंत. मी बारावीला होते. तुम्ही अनुक्रमणिका मोठ्याने वाचून दाखवलीत आणि मी लगेच म्हणाले की मला यंत्रांचा भाग हवा, जाणीव मोजता येते का तो. तुम्ही 'बघू' म्हणालात. पुस्तक कापलंत. सुरुवात सरांना, मधला भाग सिस्टरना, यंत्रांचा भाग तुमच्याकडे, आणि शेवटचे फर्मे माझ्याकडे. मी ते तिथेच चाळले. टिपा, संदर्भ आणि सूची. बाकी काही नाही.

"पप्पा, यात काहीच नाहीये."

"बघ तरी."

"सूची आहे. सूचीचं काय सांगायचं?"

"बाराखडी सांग," सर म्हणाले. ते चेष्टेत म्हणाले होते.

"चांगलं हाय की," सिस्टर म्हणाल्या. "फोनच्या डिरेक्टरीसारखं. कोन कुठं राहतं ते सांग."

"मला उरलेलं दिलंत," मी तुम्हाला म्हणाले.

तुम्ही चष्मा काढलात. "पुस्तकात उरलेलं काही नसतं. न वाचता बोलायचं असेल तर शुक्रवारी येऊ नकोस."

सगळ्यांसमोर तुम्ही मला तेवढंच एकदा बोललात. आवाज चढलेला नव्हता. मी ढीग पिशवीत घातला, रिक्षाने घरी आले आणि त्याच दिवशी सगळा वाचून काढला. टिपा, संदर्भ, सूची, अगदी शेवटच्या कोऱ्या पानापर्यंत. मला सांगण्यासारखं बरंच होतं. पण मी ते सांगणार नव्हते, कारण सांगितलं असतं तर त्यात काहीतरी होतं हे मान्य केल्यासारखं झालं असतं.

सरांनी त्यांचा भाग सांगितला. सिस्टरनी त्यांचा. सिस्टरच्या भागात मूल स्वतःला कसं ओळखू लागतं ते होतं. पुस्तकाचं म्हणणं असं की आत काय चाललंय हे आपल्याला आधी दुसरं कोणीतरी सांगतं, तुला भूक लागली, तुला झोप आली, आणि मग हळूहळू आपण ते स्वतः बघायला शिकतो. सिस्टरनी आपला ढीग बाजूला ठेवला आणि म्हणाल्या, "आमच्या आळीत बगा. पोरगं पडलं की आधी आयच्या तोंडाकडं बगतं. आय घाबरली की मग रडतं. म्हंजे लागलंय का नाय, ते आयला इचारून ठरवतं." तुम्ही इतके खूश झालात की हातातली पट्टी टेबलावर आपटलीत. मी शटरपाशी बसून बाहेर हमाल टेम्पोत खोके चढवत होते ते बघत होते. पण ऐकत होते. ते वाक्य मला शब्दशः आठवतं आहे ते त्यामुळेच.

मग माझा शुक्रवार. तुम्ही विचारलंत, "आज?" मी म्हणाले, "पुढच्या वेळी." पुढच्या वेळीही तेच. परीक्षेचं कारण होतं, ते खरंही होतं. परीक्षा संपली, तरी तेच. माझं झाल्याशिवाय तुमचं नाही, आणि तुमचं झाल्याशिवाय शिलाई नाही, आणि शिलाई झाल्याशिवाय नवं पुस्तक नाही. सर एकदा म्हणाले, "अहो, तिला जाऊ द्या, तुम्ही सांगून टाका ना. यंत्रांचं ऐकायची उत्सुकता आहे." तुम्ही म्हणालात, "तिचं झालं की सांगतो." मला वाटलं हा हट्ट आहे. मला वाटलं तुम्ही मला सगळ्यांसमोर अडवून धरता आहात. काही शुक्रवार नुसते चहाचे गेले. मग सरांचे गुडघे दुखायला लागले आणि त्यांना सातिवलीपर्यंत येणं जड जाऊ लागलं. सिस्टरची ड्युटी बदलली. मी इंजिनिअरिंगला नाशिकला गेले. आपलं हे शुक्रवारचं वाचनाचं मंडळ कोणी बंद केलं नाही. ते फक्त पुढे गेलं नाही.

नाशिकला निघताना तुम्ही मला कागदाची घडी दाबायची तुमची हाडाची पट्टी दिलीत. पिवळी पडलेली, एका बाजूने तुमच्या अंगठ्याने झिजलेली. "ड्रॉइंग शीटला उपयोगी पडेल," म्हणालात. मी म्हणाले, तिथे सगळं कंप्युटरवर असतं. तुम्ही म्हणालात, "असू दे." मी रिक्षात बसताना तुम्ही परत विचारलंत, "सुट्टीत येशील तेव्हा?" काय ते बोलला नाहीत. मी "बघू" म्हणाले. तुमचाच शब्द तुम्हाला परत दिला, आणि तो तुम्हाला लागावा असा दिला.

दुसऱ्या वर्षाला असताना आईचा फोन आला. तुम्हाला गाळ्यावरच अटॅक आला होता. मी पोचले तेव्हा दुपारची भेटायची वेळ होती. तुम्ही व्हेंटिलेटरवर, आणि सिस्टर तुमच्या कानाशी वाकून तुमच्याशी बोलत होत्या. पापलेट किती महाग झालंय, सर कसे काठी टेकत येऊन गेले, असलं काहीतरी. मला बघून म्हणाल्या, "आली गं बाय. आता तुजं तेवढं सांगून टाक. कानात सांग, कोनाला ऐकायला जानार नाय." त्या थट्टा करत नव्हत्या. मी तुमच्याकडे कमी आणि मॉनिटरकडे जास्त बघत होते. हॉस्पिटलातल्या यंत्रांच्या कोर्सला असल्यामुळे मला नुकतंच ते वाचायला शिकवलं होतं. मी म्हणाले, "सिस्टर, त्यांना झोपेचं औषध चालू आहे. त्यांना ऐकू जात नाही." त्या म्हणाल्या, "बरं. मंग मीच बोलते," आणि परत पापलेटवर आल्या. मी पलंगाच्या पायाशी उभी राहिले. वेळ संपल्याची घंटा वाजली तेव्हा तुमच्या पायावरची चादर सरळ केली आणि बाहेर आले. दुसऱ्या दिवशी सकाळी तुम्ही गेलात.

पप्पा, मी आता याच यंत्रांची इंजिनिअर आहे. भूल दिलेला माणूस किती खोल गेलाय ते दाखवणारा मॉनिटर असतो. कपाळाला पट्टी लावायची, पडद्यावर आकडा येतो. शंभराच्या जवळ म्हणजे पूर्ण जागा, आकडा उतरत गेला की झोप खोल. मी ही यंत्रं बसवते, बिघडली की दुरुस्त करते, नव्या डॉक्टरांना शिकवते. तुमच्या ढिगात जे प्रकरण आहे ते बहुधा माझ्याच कामाचं आहे, निदान त्याच्या जुन्या काळाचं. आणि मी हे काम करत असूनही त्या दुपारबद्दल 'बहुधा' हा शब्द मला खोडता येत नाही. तुम्हाला बहुधा ऐकू येत नव्हतं. त्यापुढे यंत्र जात नाही.

मागे एका हॉस्पिटलात ट्रेनिंग देत असताना एका शिकाऊ डॉक्टर मुलीने विचारलं, "म्हणजे याला कळतं का पेशंट आत आहे की नाही?" मी म्हणाले, "याला काही कळत नाही. कुठे बघायचं एवढं हे दाखवतं." बोलून झालं आणि मी स्लाइड पुढे न्यायची विसरले. मला सूची आठवली. चारांपैकी तीन ढिगांत ज्याला त्याला आपापला तुकडा दिसत होता. सरांना गुहा, सिस्टरना मूल, तुम्हाला यंत्र. पूर्ण पुस्तकात कुठे काय आहे हे फक्त माझ्या ढिगात होतं. नियम न मोडता सगळं पुस्तक पाहू शकणारी मी एकटी होते. त्या दिवसापासून मी धरून चालले की तुम्ही ते मुद्दाम दिलंत. अनेक वर्षं मी मानलं होतं की तुम्ही मला कमी दिलंत. मग मानायला लागले की तुम्ही मला सगळ्यात जास्त दिलंत. दोन्ही वेळा माझी खात्री सारखीच होती, आणि दोन्ही वेळा पुरावा शून्य होता.

पोटमाळ्यावरचं कव्हर सापडल्यावर मी पाचूबंदरला गेले. सिस्टर आता निवृत्त आहेत. ओट्यावर सुकट पसरलेली, त्या शेजारी काठी घेऊन, कावळ्यांवर नजर ठेवून. बसायला सांगायच्या आधी म्हणाल्या, "वाळली गं तू. आय जेवायला घालत नाय काय?" मग मी विचारलं.

"सिस्टर, पप्पांनी सूची मला मुद्दाम दिली होती का?"

"बापाला इचार."

"ते कसं विचारणार?"

"मंग मना कशाला इचारतं? त्याच्या डोक्यात मी बसली होती?"

 त्यांनी एक कावळा हाकलला.

"मना आठवतं ते एवढंच. टेबलावर त्यानं चार ढीग केले, आनि पातळ होता तो उचलून तुज्या बाजूला ठेवला. पोरीची परीक्षा हाय म्हनला."

"असं म्हणाले ते?"

"म्हनला असंल. आता काय नीट आठवत नाय. मीच म्हनलं असंल मनातल्या मनात." मग माझ्याकडे नीट बघून म्हणाल्या, "तू काय ते ढिगाचं अजून धरून बसली? तो तर वाट बगत होता नुसता. दर शुक्रवारी तुज्या हाताकडं बगायचा, पिशवी आनली का म्हनून."

परीक्षा हे कारण मला कधी सुचलं नव्हतं. कमी लेखलंत किंवा विश्वास टाकलात, एवढेच दोन पर्याय मी मांडले होते. मुलीला बारावीचा अभ्यास आहे, तिला हलका ढीग द्यावा, हे इतकं साधं होतं की मी ते गणितात धरलंच नाही. खरं काय ते मला कळणार नाही. तुमच्या त्या क्षणीच्या मनाला कुठलीही पट्टी लावता येत नाही. पण पिशवीकडे बघायचात हे सिस्टरनी पाहिलं होतं. ते मीही पाहिलं होतं. मी त्याचा अर्थ तगादा असा लावला होता.

तर आज मी सांगते. शुक्रवार आहे, आई झोपली आहे, खिडकीतून दुपारचा उजेड टेबलावर येतो आहे. माझा ढीग समोर आहे.

ही सूची कोणी केली त्याचं नाव पुस्तकात नाही. पण तो किंवा ती अतिशय काटेकोर माणूस असणार. 'अंधार' आहे आणि त्याखाली वेगळं 'अंधाराची भीती' आहे. 'आरसा' आहे. 'नाव' आहे, त्यात पोटभाग, 'स्वतःचं, दुसऱ्याच्या तोंडून ऐकणे'. 'वाचन' आहे, 'मोठ्याने' वेगळं आणि 'मनातल्या मनात' वेगळं, आणि मनातल्या मनात वाचणं पुस्तकात फार उशिरा येतं, म्हणजे माणसाला ते बऱ्याच उशिरा जमलं असावं. 'लाज' या शब्दाला मला वाटलं होतं त्याहून किती तरी जास्त पानं आहेत. ती सगळ्या पुस्तकभर विखुरलेली आहेत, सरांच्या भागात, सिस्टरच्या, तुमच्याही. 'आत्मा' पाहायला गेलं तर पानच नाही, लिहिलंय की 'श्वास' पाहा. आणि 'मी' या नोंदीलाही पान नाही. तिथे फक्त इतकंच आहे: 'दुसरे' पाहा. जाणिवेच्या अख्ख्या इतिहासात 'मी'ला स्वतःचा पत्ता नाही. सिस्टरचं डिरेक्टरीचं बोलणं बरोबर होतं. कोण कुठे राहतं ते यात आहे, आणि 'मी' दुसऱ्यांकडे राहतो. हे मी तेव्हा सांगितलं असतं तर तुम्ही पट्टी टेबलावर आपटली असतीत, याबद्दल मात्र मला शंका नाही.

एक नोंद राहिली. 'आई'पुढे आकड्यांच्या ओळीच्या ओळी आहेत. 'वडील'पुढे एकच आकडा आहे. त्या आकड्याला पेन्सिलने केलेली बारीक खूण माझी आहे, मी सतरा वर्षांची असतानाची. पोटमाळ्यावरून आणलेल्या ढिगांचा मी फक्त पहिल्या आणि शेवटच्या पानाचा आकडा पाहिला. ते पान तुमच्या ढिगात आहे.

परवा आई म्हणाली, "आता चारही भाग घरात आहेत, तर कुठून तरी शिवून घे. मीरा रोडला आहे म्हणे एक जण." मी हो म्हणाले आणि गेले नाही. आईला मी सांगितलं की त्याचा नियम आहे, सगळ्यांचं सांगून झाल्याशिवाय शिवायचं नाही. आईने माझ्याकडे बघितलं आणि म्हणाली, "बापावर गेलीस."

पण ते खरं कारण नाही, पप्पा. नियम पाळायला लावणारं आता कोणी उरलेलं नाही. ब्राउन पेपरची घडी उलगडली की ते पान दोन मिनिटांत सापडेल. आकडा मला पाठ आहे. मी ते वाचलेलं नाही, कारण तुमच्याकडून ऐकायचं असं तेवढंच एक माझ्याकडे शिल्लक आहे, आणि ते संपवायची माझी तयारी नाही.

माझा ढीग टेबलावर ठेवला आहे. माझं सांगून झालं. आता तुमची पाळी.